एक तास जवळ

आमच्या कामात गप्प बसणं म्हणजे हो म्हणणं. बाहेरच्या माणसाला हे सांगितलं की तो हसतो, पण अमेरिका आणि युरोप यांच्यामधले कितीतरी कागद असेच मंजूर होतात. मसुदा सगळ्यांना मेलवर जातो, खाली एक वेळ लिहिलेली असते, आणि त्या वेळेपर्यंत कुणी ‘आमची हरकत आहे’ असं कळवलं नाही, तर मसुदा मंजूर. बैठक नाही, मतदान नाही, सही नाही. याला सगळे ‘सायलेन्स’ म्हणतात. वेळ संपली की दोन ओळींचा मेल लिहायचा, हे माझं काम: कुणाचीही हरकत आलेली नाही, मसुदा मंजूर झाला आहे. त्या दोन ओळी मी इतक्या वेळा लिहिल्यात की आता बोटं आपोआप चालतात. एकदा मात्र मी त्या लिहिल्या आणि एका बाईचं आयुष्यभराचं काम संपलं. ती बाई माझी मैत्रीण होती.

मी मुत्सद्दी वगैरे काही नाही. नागपूरहून लग्न करून आले ती नवऱ्याच्या व्हिसावर. त्या व्हिसावर मला या देशात राहायची परवानगी होती, काम करायची नव्हती. वॉशिंग्टनजवळ हर्नडनच्या अपार्टमेंटमध्ये बसून मी कित्येक वर्षं डलेसवर उतरणारी विमानं मोजली आणि नवऱ्यावर चिडचिड केली. ग्रीन कार्ड आल्यावर पहिली मिळाली ती नोकरी धरली. वॉशिंग्टनमधल्या एका छोट्या ऑफिसात टायपिंग, फायलिंग, फोन.

ऑफिस एका संयुक्त मंचाचं होतं. मंचाची दोन ऑफिसं, एक इथे आणि एक ब्रसेल्समध्ये. नाव भारदस्त, काम साधं. इकडच्या शहरांतले पाणीपुरवठ्याचे इंजिनियर, फायर ब्रिगेडचे लोक, सरकारी दवाखान्यांतल्या नर्सेस दरवर्षी महिनाभर तिकडे जाऊन राहायच्या, तिथलं काम शिकायच्या. तिकडचे लोक इकडे यायचे. नेत्यांनी हात मिळवल्याचे फोटो पेपरात येतात, आमच्या माणसांचे कधी आले नाहीत. पण ओहायोतला एक फायरमन पोर्तुगालमध्ये जंगलातली आग कशी अडवतात ते शिकून आला आणि पुढे दर ख्रिसमसला तिथल्या जोडीदाराला फोन करत राहिला. मला हे ठाऊक आहे, कारण त्याचं तिकीट मी काढलं होतं आणि तो मलाही फोन करायचा.

ही सगळी देवाणघेवाण ब्रसेल्सच्या ऑफिसातल्या एका बाईनं उभी केली होती. माझ्याहून दहाएक वर्षांनी मोठी, उंच, आवाज घोगरा, बोलताना सतत काहीतरी खात असलेली. तिच्या हाताखाली दोनच माणसं. मी जे इकडून पाठवायची ते ती तिकडे तपासायची आणि उलट. सुरुवातीला माझी तिच्याशी बोलताना बोबडी वळायची. माझ्या पहिल्याच मसुद्यात तिनं अठरा चुका काढल्या आणि खाली लिहिलं, ‘बाकी छान.’ मी त्या दिवशी मेट्रोमध्ये रडले. दुसऱ्या दिवशी तिच्या मसुद्यात मी दोन चुका शोधल्या आणि खाली लिहिलं, ‘बाकी छान.’ पाच मिनिटांत तिचा फोन आला. ती नुसती हसत होती. आमची मैत्री तिथून सुरू झाली.

पुढे दर गुरुवारी सकाळी नऊला आम्ही फोनवर भेटायला लागलो. माझे नऊ, तिचे दुपारचे तीन. कामाचं बोलणं दहा मिनिटांत संपायचं. मग तिच्या गुडघ्याचं दुखणं, माझ्या मुलीची शाळा, तिच्या शेजाऱ्याचं मांजर, माझा नवरा. नवऱ्याला तिनं कधी पाहिलं नव्हतं तेव्हाही ती त्याचीच बाजू घ्यायची. एकदा कामासाठी वॉशिंग्टनला आली तेव्हा हॉटेल सोडून तीन दिवस आमच्या टाउनहाउसमध्ये राहिली. मी वांग्याचं भरीत केलं. तिनं ते आधी भाकरीवर पसरून सँडविचसारखं खाल्लं, मग भाकरी बाजूला ठेवून नुसतं चमच्यानं. जाताना एक छोटं टेबलावरचं घड्याळ देऊन गेली. त्यात तिच्याकडची वेळ लावलेली होती. ते आमच्या स्वयंपाकघरात खिडकीत बसलं, मसाल्याच्या डब्याशेजारी.

आता घड्याळाचं सांगायलाच हवं, कारण सगळं त्यावर आहे. त्यांच्यात आणि आमच्यात सहा तासांचं अंतर. पण थंडीच्या आधी घड्याळं एक तास मागे करतात ती त्यांच्याकडे ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी आणि आमच्याकडे त्याच्या पुढच्या रविवारी. मधला एक आठवडा अंतर पाचच तासांचं असतं. मार्चमध्येही असंच होतं. आमच्या कामातल्या कितीतरी लोकांनी त्या आठवड्यात विमानं चुकवलीत, बैठकांना तासभर आधी जाऊन रिकाम्या खोलीत बसलेत. ती त्याला ‘तिरपा आठवडा’ म्हणायची. वीस वर्षं हेच काम केलेली बाई, पण त्या आठवड्यात तिचा हिशेब हटकून चुकायचा. म्हणून दर तिरप्या आठवड्याच्या सोमवारी मी तिला फोन करून सांगायची, ‘लक्षात आहे ना? या आठवड्यात आपण एक तास जवळ आहोत.’

ती म्हणायची, ‘तू सांगतेस तोवर मला लक्षात ठेवायची गरज नाही.’

आमच्या दोघींची आणखी एक पद्धत होती, नियमात कुठेही न लिहिलेली. सायलेन्सचा शेवटचा तास सुरू झाला की जिच्याकडे घड्याळ असेल, म्हणजे मुदत सांभाळायचं काम असेल, तिनं दुसरीला फोन करायचा. ‘काही येतंय का?’ एवढंच विचारायचं. येत असेल तर ती सांगायची, आणि मगच हरकतीचा मेल पाठवायची. कुणालाही धक्का बसू नये, रागाच्या भरात कुणी काही लिहू नये, यासाठी हे होतं. आधी फोन, मग मेल. घड्याळ सांभाळण्याची पाळी एक वर्ष त्यांची, एक वर्ष आमची. आणि आपापल्या बाजूची हरकत आपापल्या ऑफिसातूनच यायला हवी, हा मात्र लिखित नियम होता.

माझे बाबा गेले त्या दिवशी घड्याळ तिच्याकडे होतं. पहाटे नागपूरहून भावाचा फोन आला, सकाळचीच फ्लाइट मिळाली, मी जी बॅग दिसली ती उचलून डलेसला गेले. आमच्या बाजूची एक हरकत माझ्या इनबॉक्समध्ये पडून होती. ती त्या दिवशी ब्रसेल्सला जायला हवी होती. मी साफ विसरले. गेली नसती तर सायलेन्स मोडला नसता, नको तो मसुदा मंजूर झाला असता आणि माझी नोकरी गेली असती, यात शंका नाही. शेवटच्या तासात तिनं मला फोन केला. मी विमानात होते. मी उचलला नाही असं कधी होत नाही म्हणून तिनं घरी फोन केला. नवऱ्यानं सांगितलं.

आमच्या क्षेत्रात एक जुना, सर्वमान्य खोटेपणा आहे. वाटाघाटी संपत नाहीत आणि मुदत तर संपत आली, असं झालं की घड्याळ थांबवतात. म्हणजे सगळ्यांनी मिळून मानायचं की अजून तेवढे वाजलेलेच नाहीत. पण त्यासाठी मोठे लोक लागतात, संमती लागते. तिनं कुणाला न विचारता सगळ्यांना मेल लिहिला, ‘तांत्रिक कारणानं घड्याळ पाच वाजून पंचावन्न मिनिटांवर थांबवण्यात येत आहे.’ वर तिनं खुर्चीवर चढून ऑफिसच्या भिंतीवरच्या घड्याळाचा सेल काढला, त्या दुखऱ्या गुडघ्यानं, आणि मला त्याचा फोटो पाठवला. नागपूरला उतरल्यावर तो मी पाहिला. खाली लिहिलं होतं, ‘इकडे वेळ थांबलेली आहे. तू बाबांजवळ जा.’ हरकत मी नागपूरहून पाठवली, ती वेळेत आली असं धरलं गेलं. तिला त्यावरून वरिष्ठांचं बरंच ऐकावं लागलं, हे मला नंतर दुसऱ्याकडून कळलं. ती स्वतः कधी बोलली नाही.

हे सगळं मला माहीत होतं. तरीही पुढे मी जे केलं ते केलं.

गेली काही वर्षं आमच्या कामात हवा बदलली. टॅरिफ, सैन्याचा खर्च, कुणी कुणाला किती दिवस पोसलं, या गोष्टी आधीही होत्या, पण त्या वरच्या मजल्यावर बोलल्या जायच्या. आता त्या खाली झिरपल्या. आधी मेलच्या शेवटी लोक हवापाण्याची एक ओळ लिहायचे, ती गेली. मग प्रत्येक मेलची कॉपी वकिलांना जायला लागली. तिकडच्या नर्सेसच्या व्हिसाला वेळ लागायला लागला, तिकडच्या एका शहरानं आमचे इंजिनियर यंदा नकोत म्हणून कळवलं. आमच्याकडे नवे बॉस आले. माणूस वाईट नव्हता, मुलांचे फोटो टेबलावर ठेवणारा, सगळ्यांसाठी डोनट आणणारा. पण ‘त्यांनी आपल्याला गृहीत धरलंय’ हे वाक्य त्यांच्या बोलण्यात दिवसातून दोनदा यायचं. रोज कानावर पडलेलं वाक्य कधी आपलंच वाटायला लागतं, कळत नाही.

उन्हाळ्यातल्या एका गुरुवारी तीन नर्सेसचं जाणं आमच्या बाजूनं ऐनवेळी कॅन्सल केलं. तिनं तिकडे त्यांच्या राहण्याची सोय केलेली होती, दवाखान्यांच्या हातापाया पडून. ती चिडलेली होती, आणि तिचं चिडणं रास्त होतं. ती म्हणाली, ‘तुम्हा लोकांचा आता भरवसाच राहिला नाही.’

तुम्हा लोकांचा. इतकी वर्षं या देशात राहून, इथली नागरिक होऊनसुद्धा, ग्रोसरीच्या रांगेत मला अजून लोक विचारतात, तू मूळची कुठली? मला संपूर्ण अमेरिकन मानणारं पहिलं माणूस ती निघाली, आणि तेही शिव्या घालताना. राग माझ्या नाकावरच असतो. मी म्हटलं, ‘निदान आम्ही आमचा वाटा तरी उचलतो. तुम्ही इतकी वर्षं आमच्या ताटात जेवताय.’

हे वाक्य माझं नव्हतं. ते बॉसचं होतं, पेपरातलं होतं, कुणाकुणाचं होतं. माझ्या ताटात ती खरोखर जेवली होती, चमच्यानं भरीत खाल्लं होतं, आणि मी तिला हे म्हटलं. ती म्हणाली, ‘कामाचं आणखी काही आहे?’ मी नाही म्हटलं. त्याच्या पुढच्या गुरुवारी मी फोन केला नाही. तिनंही केला नाही. मी मनात म्हणत होते, सुरुवात तिनं केली, तर फोनही तिनंच करावा. असे तीन महिने गेले.

मुलगी म्हणायची, “आई, जस्ट कॉल हर.” मुलगी इथेच जन्मलेली, एका शाळेत काउन्सेलर आहे. दिवसभर मुलांची भांडणं सोडवते आणि रविवारी येऊन माझी.

“तुला नाही कळायचं,” मी म्हणायची.

“व्हॉट इज देअर टू नॉट अंडरस्टँड?”

नवरा भाजी चिरता चिरता म्हणायचा, “अगं, तीन महिने झाले यार. तिनं तुझ्यासाठी काय काय केलंय. एक फोन कर ना, संपव विषय.”

मी भांडी लावत बसायची.

ऑक्टोबरमध्ये मंचाच्या कराराचा नवा मसुदा निघाला. घड्याळ त्या वर्षी आमच्याकडे होतं. करार बहुतेक जुनाच, फक्त एक ओळ आमच्या बाजूनं बदललेली. जुन्यात होतं, ही देवाणघेवाण दरवर्षी होईल. नव्यात होतं, दोन्ही बाजूंना शक्य होईल तेव्हा होईल. वाचायला सभ्य. पण या क्षेत्रात ज्यानं चार दिवस काढलेत त्याला कळतं की ‘शक्य होईल तेव्हा’ म्हणजे कधीच नाही. तिचं ऑफिस, तिची दोन माणसं, तिची सगळी वर्षं त्या ‘दरवर्षी’ या एका शब्दावर उभी होती. ती हरकत घेणार हे मला सूर्यप्रकाशासारखं स्पष्ट दिसत होतं. हरकत आली असती तर पुन्हा बोलणी झाली असती आणि तोवर जुनी ओळ चालू राहिली असती.

मुदत ठरली गुरुवार, दुपारी बारा, वॉशिंग्टनची वेळ. तो गुरुवार तिरप्या आठवड्यातला होता.

मसुदा पाठवताना मी नेहमी दोन्ही वेळा लिहायची, आमची आणि कंसात त्यांची. बॉसनी मेल पाहिला आणि ते म्हणाले, ‘एकच वेळ ठेव, आपली. हिशेब त्यांना करू दे.’ मी कंस काढून टाकला. मला तेव्हा जरासं बरंही वाटलं, ते लपवत नाही.

कुणी म्हणेल, तुझ्याही लक्षात आलं नसेल. आलं होतं. त्या रविवारी सकाळी चहा करताना खिडकीतलं तिचं घड्याळ मी स्वतःच्या हातानं एक तास मागे केलं होतं. दर वर्षी करते तसंच. फक्त सोमवारचा फोन केला नाही.

गुरुवारी मी नेहमीपेक्षा लवकर ऑफिसला पोचले. अकरा वाजले. शेवटचा तास. फोन समोर होता, तिचा नंबर मला पाठ आहे. मी रिसीव्हर उचलला, ठेवला. कॉफी घेऊन आले. स्वतःशी म्हटलं, ती काही लहान नाही, तिला तिची वेळ कळते. पावणेबाराला पुन्हा उचलला. तिनं ‘हॅलो’ म्हटल्यावर काय बोलायचं, या विचारात मिनिटं गेली. बारा वाजले. बारा वाजून तीन मिनिटांनी मी त्या दोन ओळी लिहिल्या आणि पाठवल्या.

बारा अडतीसला तिचा मेल आला. त्यांच्याकडे पाच अडतीस झाले होते. हरकत अगदी नेमकी, तीन परिच्छेद, एकही शब्द जास्त नाही. आणि शेवटी, कितीतरी महिन्यांनी, एक ओळ कामाबाहेरची: ‘बावीस मिनिटं शिल्लक ठेवून पाठवते आहे. माझ्यात सुधारणा आहे ना?’

तिनं सहा तास मोजले होते. तिला वाटत होतं मुदत तिच्या सहा वाजता आहे. माझा मेल तिनं अजून पाहिला नव्हता.

मी बॉसच्या खोलीत गेले. सगळं सांगितलं, घड्याळाचं, तिरप्या आठवड्याचं. त्यांनी ऐकून घेतलं. म्हणाले, ‘घड्याळ तुझ्याकडे आहे. मी यात पडणार नाही. तू म्हणालीस की मेल वेळेत आला असं धरू, तर तसं धरू, मी वर सांगेन. तू म्हणालीस उशिरा, तर उशिरा. सांग, वेळेत की उशिरा?’

मला एक शब्द बोलायचा होता. खुर्चीवर चढायचं नव्हतं, सेल काढायचा नव्हता. आणि माझ्या डोक्यात त्या क्षणी काय काय आलं म्हणून सांगू. नियम आला, कारण मी नियमाची आहे. माझं कॉन्ट्रॅक्ट जानेवारीत रिन्यू होणार होतं ते आलं. आणि या सगळ्याच्या खाली, तळाशी, ‘तुम्हा लोकांचा’ हे तिचं वाक्य होतं, अजून जिवंत.

‘उशिरा,’ मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली आणि कॉम्प्युटरकडे वळले. त्यांच्यासाठी विषय संपला होता.

तासाभरानं तिचा मेल आला. ‘नोंद घेतली. आपल्या सहकार्याबद्दल आभार.’ भांडण नाही, स्पष्टीकरण नाही. तिला वर तक्रार करता आली असती, पण त्या दिवसांत वरच्या लोकांची टॅरिफवरून अशी जुंपली होती की एका ओळीसाठी लढायला कुणाला उसंत नव्हती. वसंतात तिचं ऑफिस बंद झालं. दोन माणसं दुसरीकडे गेली, तिनं मुदतीआधी निवृत्ती घेतली. मंच कागदावर अजून आहे. माझी नोकरीही आहे. मी आता पुष्कळदा रिकामीच बसलेली असते. ऑफिस बंद व्हायच्या आधीच्या ख्रिसमसला ओहायोच्या फायरमनचा फोन आला होता, पुढच्या बॅचचं काय म्हणून विचारायला. मी म्हटलं, शक्य होईल तेव्हा.

एक वर्ष मी हे मनात घेऊन फिरले. नवऱ्याला अर्धं सांगितलं होतं, मेल उशिरा आला एवढं. बॉसनी मला विचारलं होतं, हे सांगितलं नव्हतं. यंदा ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी मुलगी घरी होती. मी खिडकीतलं घड्याळ मागे करत होते. तिनं विचारलं, “त्या आता काम करत नाहीत ना? मग हे का चेंज करतेस?” हे ती मराठीत बोलली. ती मराठीत बोलते तेव्हा मला खोटं बोलता येत नाही. ओट्याशी उभी राहूनच मी तिला सगळं सांगितलं. ‘उशिरा’पर्यंत.

ती मला जवळ घेईल असं वाटलं होतं. तिनं घेतलं नाही. म्हणाली, “यू हॅव टू टेल हर, आई.” मग जरा वेळानं, “ऑल ऑफ इट.”

गुरुवारी मी सुट्टी घेतली. बरोबर नऊ वाजता स्वयंपाकघरात बसून तिच्या घरचा नंबर लावला. खिडकीतल्या घड्याळात दोन वाजले होते. तिनं दुसऱ्या रिंगला उचलला.

‘गुरुवार,’ ती म्हणाली. हॅलो नाही, काही नाही. आवाज तसाच घोगरा, आणि तोंडात काहीतरी होतं.

मी सॉरी म्हणायला सुरुवात केली. ताटाबद्दल. तिनं मधेच थांबवलं, म्हणाली, तिचंही बोलणं बरोबर नव्हतं, माझ्यावर ओरडून काय होणार होतं, नर्सेस मी थोड्याच कॅन्सल केल्या होत्या. मग गुडघ्याचं ऑपरेशन झाल्याचं सांगितलं. शेजाऱ्याचं मांजर मेलं. माझ्या नवऱ्याची चौकशी केली, नेहमीसारखी त्याची बाजू घेतली. मला वाटलं, चला, झालं, एवढंच पुरे.

मग तीच म्हणाली, ‘त्या दिवशी मेल मी सकाळीच लिहून ठेवला होता, माहितेय? तू फोन करशील म्हणून थांबले. आपली पद्धत होती ना, आधी फोन. मला वाटलं, भांडलो असलो तरी एवढा फोन ती करेल. पाचला करेल, सव्वापाचला करेल. साडेपाच झाले तेव्हा म्हटलं, आता पाठवावं.’

मी मसाल्याचा डबा उगाच सरळ केला.

‘पण तुझा काय दोष?’ ती म्हणाली. ‘तुझ्या वरच्यांनी तुला विचारलंसुद्धा नसणार. इथे लोक नाही नाही ते बोलत होते तुझ्याबद्दल. मी सगळ्यांना हेच सांगितलं. तिला विचारलं असतं तर तिनं घड्याळ थांबवलं असतं.’

आणि ती थांबली. मला काही बोलायची गरज नव्हती. नुसतं गप्प राहायचं होतं. गप्प राहणं म्हणजे हो, आणि त्या एका ‘हो’वर पुढचे सगळे गुरुवार मला परत मिळणार होते. वीस वर्षांत मला कुठलाही मसुदा इतका सोपा आला नव्हता.

‘विचारलं होतं,’ मी म्हटलं. ‘वेळेत की उशिरा, असं मला विचारलं होतं. मी उशिरा म्हटलं.’

पलीकडे काही ऐकू येईना. खाणंही थांबलं होतं. मी फोन कानाला घट्ट धरून बसले. इतकी वर्षं लोकांचं गप्प राहणं मोजायचं काम केलं, पण हे कशात मोजायचं ते मला कळेना. याच्याखाली कुणी वेळ लिहिलेली नव्हती.

बऱ्याच वेळानं तिनं विचारलं, ‘तुझ्याकडे किती वाजले?’

‘नऊ वीस.’

‘म्हणजे माझ्याकडे दोन वीस,’ ती म्हणाली. ‘बरोबर मोजलं ना मी?’

‘बरोबर,’ मी म्हटलं.

‘बरं,’ ती म्हणाली आणि तिनं फोन ठेवला. पुढच्या रविवारी आमच्याकडची घड्याळंही मागे गेली, आणि अंतर पुन्हा सहा तासांचं झालं.